काळूचा आवाज

अमरावती, १२ एप्रिल २०२५

परवेजभाई,

काल अब्बा तुझ्या आवाजात बोलले.

त्यांनी आयुष्यभर नकला केल्या, तुझीही केली, हे तुला मी सांगायला नको. पण ही नक्कल नव्हती. मी कानाला हेडफोन लावून बसले होते. काचेपलीकडे पांढऱ्या दाढीचे अब्बा उभे होते आणि माझ्या कानात शाळेतला तू होतास. 'दार उघड' म्हणताना 'द'वर तुझा श्वास अडायचा आणि मग आतून कुणी ढकलल्यासारखा शब्द बाहेर पडायचा, अगदी तसा. माझ्या अंगावर काटा आला.

तू फोन घेत नाहीस, म्हणून पत्र. मराठीत लिहितेय, कारण अब्बा उर्दू शाळेतले. पत्र त्यांच्या हाती पडलं तरी वाचता येणार नाही.

मी सध्या अमरावतीला हर्षा नावाच्या मैत्रिणीच्या स्टुडिओत आवाजाचं काम करते. मोबाइलच्या दुकानावर दोन खोल्या आहेत, तोच स्टुडिओ. तिला पुण्याच्या एका कंपनीकडून जुनी कार्टूनं मराठीत करायचं काम मिळालंय. शंभरेक वर्षांपूर्वीची, काळी-पांढरी, आता कुणाच्याच मालकीची नसलेली. त्यात एक कोल्ह्याचं पिल्लू आहे, हुशार, आणि एक आहे सुलतानाच्या महालावरचा पहारेकरी. पहारेकरी म्हणजे शाईचा गोळा. तोंड काळं कुळकुळीत, ओठ पांढरे आणि पुरीसारखे फुगलेले, डोळे बशीएवढे, डोक्यावर पागोटं, हातात स्वतःहून मोठी वाकडी तलवार. चेहरा आफ्रिकेतल्या माणसाची टवाळी करणारा, पागोटं आपल्याकडचं, विजार अरबांची. ज्यांनी काढला त्यांना ही सगळी माणसं एकच वाटत असावीत. पिल्लू त्याच्या डोक्यात तवा घालतं, त्याला विहिरीत ढकलतं. तो लटलट कापतो, ओठ थरथरतात, दर वेळी उठतो आणि दर वेळी मार खातो.

कंपनीने सांगितलंय, पिल्लू पुस्तकी मराठी बोलेल आणि पहारेकरी वऱ्हाडी. नाव काळू. मी हर्षाला विचारलं, "मार खाणाराच वऱ्हाडी काहून?"

"लोकं हसतेत म्हणून," ती म्हणाली. "पुण्यात आपण नुसतं तोंड उघडलं तरी हसतेत."

त्या थरथरत्या ओठांवर सरळ वाक्य बसेना. तीन जण येऊन गेले. अडखळत बोलणारा माणूस हवा, असं हर्षा म्हणाली आणि मी अब्बांचं नाव सांगितलं. हल्ली लग्नांत डीजे असतो, नकल्याला कोणी बोलावत नाही. अब्बा अकोल्याला गादीघरात, त्या गाद्यांच्या दुकानात, गप्प बसून असतात. मी बोलावलं तर ते अत्तर लावून सकाळच्या एसटीने आले आणि जुम्म्याची नमाज इथेच पढून स्टुडिओत पोचले.

हर्षा डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसली. अब्बा बाहेर आले आणि त्यांनी आपल्या नेहमीच्या आवाजात विचारलं, "कसं झालं बेटा?" मी चांगलं झालं म्हटलं. तुला कळायला हवं, एवढंच.

अलीझा


अमरावती, ३ मे

परवेजभाई,

उत्तर देऊ नकोस, वाच फक्त. हे दुसऱ्या कुणाला सांगण्यासारखं नाही.

आमच्या कामात सगळ्यात किचकट काय, तर ओठ जुळवणं. बोल जरासा पुढेमागे झाला तरी खोटा वाटतो. मग मी तो कापते, ताणते, सरकवते. पिल्लाच्या एकेका भागाला आख्खा दिवस जातो. काळूचं तसं करावं लागत नाही. अब्बांचा बोल टाकला की बसतो.

परवा माझ्या हातून एका भागातलं वाक्य दुसऱ्याच भागात पडलं. काळू विहिरीच्या काठावर उभा आहे, तिथे त्याने 'मले पोहता येत नाही' म्हणायचं होतं. त्याऐवजी 'त-त-तवा नोको मारू भाऊ' वाजलं. मी ते काढायला गेले आणि पाहिलं तर ओठ जुळलेले होते. 'त'ला जीभ दाताला लागते, तीही दिसली. मी हर्षाला बोलावलं. तिने ते पुन्हा लावून पाहिलं, "असं होते कधी कधी," म्हणाली आणि त्या दिवशी काम अर्ध्यावर टाकून घरी गेली.

आणखी एक आहे. अब्बांच्या दोन वाक्यांच्या मधे रिकामी जागा असते, तिथे कुणी तरी श्वास घेतं. शब्द अडायच्या आधी घेतात तसा, वर चढलेला, मधेच थांबलेला. अब्बांचा श्वास मी ओळखते. जन्मभर कापूस पिंजून त्यांची छाती शिट्टीसारखी वाजते. ही छाती स्वच्छ आहे, लहान मुलाची. मी तो श्वास पुसला. सकाळी फाइल उघडली तर तो तिथेच होता.

मी अब्बांना म्हटलं, "परवेजभाईची नक्कल करू नका. दुसरा कुठलाही आवाज काढा."

त्यांनी हेडफोन काढून टेबलावर ठेवला. मग म्हणाले, "नक्कल नाही करून राहिलो बेटा. मी नुसतं तोंड उघडतो. ते आपोआप येते."

"कुठून येतं?"

"मालूम नाही. पहिल्या दिवशी मले वाटलं, माह्या मागं कोणी उभं हाय."

ते चित्र काढणाऱ्याने कुणाला तरी समोर ठेवून ते ओठ काढले असतील. कोण असेल तो? घाबरला म्हणून अडखळत होता, की लोक हसत होते म्हणून?

संध्याकाळी आम्ही खाली चहाला गेलो. अब्बा चहावाल्याला म्हणाले, "द-द-दोन कट." आणि स्वतःच हसले. "सवय लागली," म्हणाले.

अलीझा


अकोला, २५ मे

परवेजभाई,

ती सवय नव्हती.

हलीमाबी फुफीने मला अकोल्याला बोलावून घेतलं. फुफा गेल्यापासून ती भावाकडे, अब्बांकडेच राहते. दारातच माझा हात धरून म्हणाली, "तुहा बाप मस्करी करून राहिला का खरंच तसं बोलून राहिला, मले समजत नाही. मी त्याले दोनदा ओरडली. आता भेव वाटते."

मी दिवसभर गादीघरात बसले. हिवरखेडचे नवरा-बायको लेकीच्या लग्नाच्या गाद्या सांगायला आले होते. कधी मिळतील, असं त्यांनी विचारलं. अब्बांना 'बुधवारी' म्हणायचं होतं. ओठ मिटले ते उघडेनात. मानेची शीर वर आली. ती बाई पदराआड हसली आणि तिचा नवरा मदत करायला लागला, "बुधवारी का? का बेस्तरवारी?" अब्बांनी मान हलवली. ते गेल्यावर अब्बा आतल्या खोलीत पिंजलेल्या कापसाच्या ढिगावर जाऊन बसले. पुढच्या माणसाने आपला शब्द आपल्या तोंडातून काढून घेतला की कसं वाटतं, ते आज मी त्यांच्या चेहऱ्यावर पाहिलं.

डॉक्टरांनी मेंदूचा फोटो काढला. त्यात काही नाही. मनाचं असेल, म्हणाले.

पण मला जास्त भीती वाटली ती दुसऱ्याच गोष्टीची. फुफीचं मन रमावं म्हणून मी म्हटलं, "अब्बा, तो तलाठी करून दाखवा ना." तुला आठवतो तो नाकातून बोलणारा तलाठी. अब्बांनी तोंड उघडलं आणि आवाज आला नाही. मग कोंबडा, मग रेल्वे स्टेशनवरची घोषणा. काहीच नाही. एवढी माणसं त्यांच्या गळ्यात राहत होती, सगळी निघून गेली. काळू तेवढा राहिला.

कंपनी मात्र खूश आहे. पुण्यातली पोरं सुट्टीत खेळताना काळूसारखी बोलतात म्हणे. शाळा उघडायच्या आधी अमरावतीच्या एका मॉलमध्ये मुलांसाठी कार्यक्रम ठेवलाय. काळू स्वतः येणार. मी नाही म्हणायच्या आत अब्बांनी होकार दिला.

"काहून अब्बा?"

ते पाटीवर लिहितात तसं एकेक अक्षर बोलले. "स-स्टेजवर मी क-कधीच नाही अडकलो. तिथं उ-उतरंल हे."

अलीझा


अकोला, १८ जून

परवेजभाई,

कार्यक्रम झाला. लिहिते, नाहीतर ते डोक्यातून जाणार नाही.

कंपनीच्या लोकांनी अब्बांचं तोंड काळं केलं. ओठांवर पांढरा रंग फासला, कानापर्यंत. मी त्या रंगवणाऱ्या मुलीला बाजूला केलं आणि अब्बांना म्हटलं, "हे काळू-बिळू काही नाही. ही खरीखुरी माणसं होती. त्यांची अशी तोंडं करून लोक हसले. धुऊन टाका, घरी जाऊ."

"म-माहीत हाय," ते म्हणाले आणि आरशाकडे बघत राहिले. चेहऱ्यावर आनंद नव्हता. पागोटं घालून ते गेले.

मुलांना स्पंजचे हातोडे वाटले होते. एकेकाने यायचं, काळूच्या डोक्यात घालायचा, काळूने पडायचं, उठायचं. आधी सगळं ठीक चाललं. अब्बा पडत होते, हसं होत होतं. मग रांग मोडली आणि मुलं एकदम आली. अब्बा गुडघ्यांवर बसले. त्यांनी दोन्ही हात वर केले. मला कळलं, त्यांना 'बस' म्हणायचंय.

"ब-ब-ब-ब..."

मुलांना ते इतकं आवडलं. सगळीच 'ब-ब-ब-ब' करायला लागली, ठेका धरून. आईबापांनी मोबाइल वर केले. ते लागत नव्हतं, भाई. स्पंजच तो. कुणालाच लागत नव्हतं, म्हणून कुणी थांबत नव्हतं.

मी गर्दीतून पुढे सरकताना वर पाहिलं. मागच्या मोठ्या पडद्यावर आवाज बंद करून कार्टून लावलं होतं. काळू पळत नव्हता. तो आमच्याकडे तोंड करून उभा होता, ओठ मिटायचे, थरथरायचे, उघडायचे नाहीत. तो भाग मी कितीतरी वेळा पाहिलाय. त्यात असं काही नाही. हर्षा माझ्या बाजूला होती. तिनेही पाहिलं, आणि जाऊन तिने वायर उपटली. पडदा काळा झाला. मग मुलं थांबली.

पातूर गावच्या त्या लग्नात मी लहान होते, पण मला आठवतं. अब्बा मंचावर तुझी नक्कल करत होते, मदरशात पाठ केलेला सबक म्हणून दाखवणाऱ्या परवेजची. तू मंचावर चढलास, अब्बांच्या हातातला माइक धरलास आणि 'बस करा' म्हणायला गेलास. 'ब'वरच राहिलास. मांडवाला वाटलं, बापलेकांनी मिळून बसवलंय. सगळे हसले. अब्बाही हसले. त्याच आठवड्यात तू घर सोडलंस.

ऑटोत अब्बांचा चेहरा अर्धा पुसलेला होता. स्टँड येईपर्यंत ते एकच वाक्य बोलत होते, आणि मी मधे शब्द घातला नाही. "प-पातूरले... त-त्याले... अ-असंच?"

मी हो म्हटलं.

हर्षाने ते काम सोडलं. पुण्यातला कुणी तरी आता काळूचा आवाज देणार आहे.

अलीझा


अमरावती, ९ जुलै

परवेजभाई,

तुझं पत्र आलं. तुझं अक्षर ओळखायला मला वेळ लागला नाही, मजकूर समजायला लागला.

तू लिहितोस, तिकडे पूर्व किनाऱ्यावरच्या तुझ्या गोदीत दुपारच्या पाळीची हजेरी चालली होती. तुझं नाव घेतलं आणि तू 'हाजिर' म्हणून मोकळा झालास. मग लक्षात आलं की शब्द अडला नाही. तेव्हापासून एकदाही अडला नाही. तू बसच्या कंडक्टरशी बोलतोस, खोलीत मोठ्याने पेपर वाचतोस, अनोळखी माणसाला वाट विचारतोस, जी तुला आधीच माहीत असते. वाचताना मला हसू आलं आणि मग रडू.

तू विचारलंस, पहिलं रेकॉर्डिंग कोणत्या दिवशी झालं. अकरा एप्रिल, शुक्रवार. हो, तोच दिवस. दुपारीच.

तू विचारतोस, मी आलो तर काय होईल. मला माहीत नाही. अब्बांना मी यातलं काही सांगितलेलं नाही. ये असंही म्हणवत नाही आणि येऊ नको असंही म्हणवत नाही. त्यांनी मात्र तुझा सरळ आवाज कधी ऐकलेला नाही, आणि आता ते थकलेत.

अलीझा


अकोला, २ ऑगस्ट

परवेजभाई,

तू रागाने गेलास. दारात फुफीला म्हणालास, "ह्या माणसाने मला द-दुसऱ्यांदा घराबाहेर काढलं." त्यातला 'द' तुझ्या लक्षात आला नसेल. माझ्या आला. म्हणून हे पत्र शेवटपर्यंत वाच.

तू आलास त्या दिवशी अब्बा काहीच बोलले नाहीत, ते तुला आवडलं नव्हतं. ते ऐकत होते. तू जहाजांचं सांगत होतास, रंग कसा खरवडतात, समुद्राचं पाणी लोखंड कसं खातं, आणि ते डोळे मिटून गादीच्या टोकाला बसले होते. तू पाणी प्यायला उठलास तेव्हा मला म्हणाले, "आ-आवाज जाड हाय त्याचा. म-माह्या बापासारखा." एवढ्या वर्षांत त्यांना ते माहीत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी अब्बांनी गिऱ्हाइकाला "बुधवारी घेऊन जा" म्हटलं, सरळ. फुफीने खीर केली. आपण सगळे जेवायला बसलो, तू अब्बांच्या ताटात वाढलंस. मला वाटलं, सुटलो आपण.

तिसऱ्या दिवशी चहा आला. तू म्हणालास, "स-साखर कमी आहे." आणि तू हसलास. तुला ते सहज झाल्यासारखं वाटलं. अब्बांचे हात कापसात होते, ते थांबले. त्या माणसाचा कान तुला माहीत आहे.

"पुन्हा म्हण," ते म्हणाले.

तू म्हणालास, ते सरळ आलं.

"पातूर म्हण."

तुझा चेहरा बदलला, तरी तू म्हणालास.

"तुहं नाव सांग."

"प-प-परवेज."

तुला वाटलं, अब्बा पुन्हा तुझा खेळ मांडताहेत. मलाही क्षणभर तसंच वाटलं. मग ते उठले आणि ओरडले, "निघ. आत्ताच्या आत्ता निघ. माह्या घरात तोंड दाखवू नको." तुझी बॅग त्यांनी रस्त्यावर फेकली. शब्द कुठेच अडला नाही. त्यांचा एवढा मोकळा आवाज मी एप्रिलपासून ऐकला नव्हता, आणि तू ऐकलास तोही असा.

तुझी रिक्षा वळल्यावर त्यांनी दाराची कडी लावली आणि खाली बसले. फुफी त्यांना बोलत होती, त्यांचं लक्ष नव्हतं. ते स्वतःशीच म्हणत होते, "बुधवार. बुधवार. बुधवार." दर वेळी नीट. जसजसं नीट येत होतं तसतसे ते घाबरत होते. जेवले नाहीत. "नाही आलं ना ते माह्याकडं परत," मला म्हणाले. "त्याच्याजवळच राहिलं."

मी सांगितलं त्यांना सगळं, तुझ्या पत्रातलं, गोदीतली हजेरी, अकरा एप्रिल. तू जवळ आलास की ते पुन्हा तुझ्याकडे जातं, हे त्यांनी आधीच ओळखलं होतं.

दुसऱ्या दिवशी दुपारी पोस्टमन आला. नाव काय, त्याने विचारलं. अब्बांनी सांगायला तोंड उघडलं आणि "ग-ग-ग..." तिथेच राहिले. पोस्टमन वाट बघत होता. अब्बा माझ्याकडे वळले. त्यांचे डोळे भरले होते आणि चेहऱ्यावर जे होतं त्याला मी आनंदच म्हणेन. पोस्टमन गेल्यावर ते म्हणाले, "द-दूर गेला तो. ब-बरं झालं."

ते तुला बोलावणार नाहीत. तू आलास तर दार उघडणार नाहीत, असं त्यांनी मला सांगून ठेवलंय. मी भांडले, फुफी भांडली. ते म्हणतात, माझं उरलंय किती, आणि ते सांगायलाही त्यांना खूप वेळ लागतो. दुकानात आता लोकांना सवय झाली आहे. काही थांबतात, काही शब्द पुरवतात. पुरवला की अब्बा मान हलवून नको म्हणतात आणि स्वतःचाच शब्द शेवटपर्यंत नेतात.

नागपूरला गाडी बदललीस तेव्हा, की त्यापुढे, की समुद्र दिसल्यावर, तू पुन्हा नीट बोलायला लागलास का, तेवढं कळव. अब्बा रोज विचारतात. एवढंसं विचारायला त्यांचा चहा थंड होतो. मी मधे बोलत नाही, थांबते.

अलीझा